साहेब पाणी प्यायले नाहीत

धाकटीच्या नवऱ्याला सगळं जबलपूर साहेब म्हणतं, म्हणून मीही म्हणते. पण ते स्थळ आधी माझ्यासाठी आलं होतं. एवढं सांगितल्याशिवाय मला पुढचं काही सांगताच येत नाही. दोघी बहिणींचे केस पिकले, दोघींच्या गुडघ्यांना एकाच वैद्याचं तेल लागतं, तरी ही गोष्ट माझ्या पोटात जिथल्या तिथे आहे. आमचे हे म्हणतात, "तुझं पोट दुखून राहिलं आहे, ओवा खा." ह्यांचं ऐकून खरंच खात गेले असते, तर शहरात ओवा उरला नसता.

तेव्हा आम्ही गोलबाजारजवळ भाड्याच्या घरात राहायचो. बाबा रेल्वेत क्लार्क. साहेब नुकतेच नायब तहसीलदार झाले होते आणि पहिली नेमणूक कुंडमला होती. मान उन्हाने रापलेली, बुटांवर लाल माती. थोरलीला बघायला पाहुणे येणार असले की धाकटीला घरात ठेवत नाहीत, आणि ती दिसायला उजवी असेल तर मुळीच नाही. आईने तिला शेजारच्या भाभींकडे मटार सोलायला पाठवून दिलं. पोहे मी केले होते. त्यांनी ते खाल्ले, पुन्हा मागून घेतले, वर तांब्याभर पाणी प्यायले, आणि मला एकच प्रश्न विचारला, "कुंडम बघितलंय का?" मी नाही म्हणून मान हलवली. "पाणी फार गोड आहे तिथलं," ते म्हणाले. आमचं बोलणं झालं ते एवढंच.

ते होकार देणार होते की नकार, हे मला कळलं नाही, कारण बाबांनी दुसऱ्याच दिवशी आपणहून नकार कळवून टाकला. "कुंडमला काय आहे? जंगल! नायब तहसीलदार म्हणजे सहा महिने तंबूत. पोरगी काय लालटेन घेऊन अस्वलं हाकलत राहीन?" बाबांचा विश्वास दोनच गोष्टींवर होता, रेल्वेचं वेळापत्रक आणि फॅक्टरीचा भोंगा. वेळापत्रक त्यांच्याकडे होतंच, तेव्हा मला त्यांनी भोंगा बघून दिला. आमचे हे लष्करी सामानाच्या फॅक्टरीत चार्जमन. दोन खोल्यांचं क्वार्टर, नळाला पाणी, डोक्यावर विजेचा दिवा. माणूस चांगला, हाताला तेलाचा वास आणि तोंडात सुपारी. मला कुणी विचारलं नाही, आणि विचारलं असतं तर मी तरी काय सांगणार होते? कुंडमचं पाणी चाखायचंय, असं का?

पुढे नायब हा शब्द गळून पडला. ते तहसीलदार होऊन मझौलीला गेले, अजून बिनलग्नाचेच होते. तशी बाबांना ते जंगल वगैरे आठवेनासं झालं. "माणूस पुढे जाऊन राहिला आहे," ते जेवताना म्हणायला लागले, आणि धाकटीचं लग्न ठरलं. ह्या वेळी मटार सोलायला कुणाला पाठवावं लागलं नाही. मांडवात मी नवऱ्या मुलाला ओवाळलं. माझे पोहे दोनदा मागून खाणारा माणूस माझ्यासमोर वाकला आणि म्हणाला, "ताई." त्या दिवसापासून मी त्यांची ताई आहे.

मझौलीहून धाकटी माहेरी यायची ती जीपमधून. मागे तुपाचा डबा, पुढे चपराशी, तिच्या हातात फक्त पंखा. बंगला, माळी, दारापुढची बाग, ह्या सगळ्याची मी मनाची तयारी करून ठेवली होती. त्याने मला फारसं झोंबलं नाही. झोंबला तो तिचा एक शब्द. "आमच्या दौऱ्यावर," ती म्हणायची. "आमच्या दौऱ्यावर एकदा नदी चढली." "आमच्या दौऱ्यावर गोंडांनी मध आणून दिला." माझ्या नवऱ्याच्या लेथ मशीनला मी आमचं मशीन कधी म्हणणार? फॅक्टरीच्या फाटकापाशीच आमचं 'आमचं' संपायचं. मी कणीक मळत ऐकायची आणि कणीक फार घट्ट व्हायची.

साहेबांची एक रीत होती आणि धाकटी ती फुशारकीने सांगायची. ज्याच्या जमिनीचा निवाडा करायचा, त्याच्या घरचं पाणी साहेब पीत नसत. जीपमध्ये स्वतःची सुरई असायची. मोजणीला गेले, कुणी पाटलाने चांदीच्या पेल्यात सरबत आणलं, तरी हात जोडून सुरईतलं कोमट पाणी प्यायचे. निवाडा होऊन पैसे वाटले गेले की मग मात्र त्याच्याच घरी जाऊन पोटभर पाणी मागून प्यायचे. लोक ह्यावरूनच ओळखायचे म्हणे. साहेबांनी पेला उचलला नाही तर समजावं की आपलं शेत कागदावर चढलं.

एकदा त्यांच्या सख्ख्या मामांचं शेत कालव्यात गेलं. नातं आहे, काम दुसऱ्या अधिकाऱ्याकडे सोपव, असं सगळ्यांनी सांगून पाहिलं. साहेबांनी ऐकलं नाही. लोक म्हणतील, स्वतः बाजूला झाला आणि मामाला सोडवलं, असं त्यांचं म्हणणं. ते मामांच्या ओसरीवर बसले आणि सुरईतलं पाणी प्यायले. मामी पायाशी बसून रडल्या.

"म्हणजे माणुसकी नाही, असं म्हण ना सरळ," मी धाकटीला म्हटलं. तिचा पंखा थांबला. मला बरं वाटलं, उगाच कशाला लपवू.

आता बाबांच्या जमिनीविषयी. रांझीच्या पुढे, कुंडमच्याच रस्त्याला, बाबांनी एक तुकडा घेऊन ठेवला होता. लहानसाच. एक विहीर, दोन बिहीची, म्हणजे पेरूची झाडं आणि कोपऱ्यात एक आपटा. नगरपालिकेची हद्द अलीकडच्या दगडापाशी संपायची, त्यामुळे दसऱ्याच्या दुपारी आमच्या ओळखीची सगळी मराठी घरं सीमोल्लंघनाला तिथे यायची. हिंदी शेजारी त्या दिवशी एकमेकांना पान खिलवतात. ते आम्हाला विचारायचे, तुम्ही लोक ही झाडाची पानं घेऊन काय करता? बाबा आपट्याची पूजा करायचे आणि मग पानं वाटायचे. अशाच एका दसऱ्याला त्यांनी सगळ्यांसमोर सांगून टाकलं, "ही जागा थोरलीची. हिचं क्वार्टर सरकारी आहे, नोकरी संपली की खाली करावं लागीन. धाकटीला काय, जिथे जाईन तिथे बंगला."

मी धाकटीकडे पाहिलं. ती हसत होती, पण तिच्या हातातली पानं चुरगळली होती. जन्मात पहिल्यांदा माझ्याकडे असं काही आलं होतं जे तिच्याकडे नव्हतं. आमच्या ह्यांनी घराचा नकाशा काढला. मी जागेवर उभी राहून त्यांना दाखवलं, स्वयंपाकघर इथे, खिडकी विहिरीकडे, तुळस आपट्याच्या सावलीपासून लांब. फॅक्टरीच्या क्वार्टरमध्ये भिंतीला खिळा ठोकायचा तरी परवानगी लागायची. इथे मी मनाला येईल तिथे खिळा ठोकणार होते.

मग चीनची लढाई झाली. फॅक्टरीत दोनाच्या तीन पाळ्या झाल्या, आमचे हे घरी यायचे ते जेवायला आणि आडवं व्हायला. लढाई संपली तरी काम संपलं नाही, उलट वाढलं. नवे शेड पाहिजेत, नवी फॅक्टरी पाहिजे, जागा पाहिजे. रांझीच्या पुढे लाल झेंड्या घेऊन माणसं फिरायला लागली. त्यातच बातमी आली की जमिनी घ्यायच्या कामावर नवीन अधिकारी म्हणून आपले साहेबच जबलपूरला बदलून येऊन राहिले आहेत.

आईने देवापुढे साखर ठेवली. घरचाच माणूस! बाबा जो भेटेल त्याला सांगत सुटले. मला मात्र आनंद आणि जळफळाट दोन्ही एकदम झालं. माझं घर वाचणार, पण तेसुद्धा धाकटीच्या नवऱ्याच्या पेनाने. उद्या गृहप्रवेशाला ती येईल, भिंतीवरून हात फिरवील आणि म्हणेल, आमच्यामुळे राहिलं हे. तिचं ते 'आमच्या' माझ्या घरातही येऊन बसणार. आमचे हे म्हणाले, "आधी घर तर होऊ दे, मग जळ." पण मला दम कुठला!

बरेच दिवस काही कळेना. धाकटी आमच्याकडे फिरकली नाही. बाबा विचारायचे तेव्हा साहेब, "काम चालू आहे," एवढंच म्हणायचे. मग एका रविवारी भरदुपारी साहेबांची जीप आमच्या क्वार्टरसमोर थांबली. एकटेच होते. सगळ्या ओळीतली दारं उघडली, आणि खोटं कशाला बोलू, मला अभिमान वाटला. हे ओव्हरटाइमला गेले होते. मी खुर्ची पुसली, पितळेच्या पेल्यात माठातलं पाणी आणून ठेवलं आणि चहा टाकला.

ते बसले. उन्हाळा लवकर लागला, म्हणाले. आईचे पाय कसे आहेत, विचारलं. मी चहा आणून पाण्याच्या शेजारी ठेवला. ते बोलत राहिले, मी हो-ला-हो करत राहिले. बोलता बोलता माझं लक्ष पेल्याकडे गेलं. भरलेला होता, तसाच. चहावर साय धरली होती. मी त्यांच्याकडे पाहिलं. त्यांनी हात जोडले.

"येतो, ताई."

"पाणी तरी..." माझ्या तोंडून निघून गेलं.

ते पायरी उतरले. जीपमध्ये बसले, आणि जीप वळताना त्यांनी सुरई तोंडाला लावलेली मी फाटकातून पाहिली. शेजारीण विचारायला आली, "क्या हुआ दीदी, साहब इतनी जल्दी चले गए?" मी म्हटलं, काम होतं. संध्याकाळी भोंगा झाल्यावर हे आले. मी एवढंच सांगितलं, "साहेब पाणी प्यायले नाहीत." ते डबा हातात घेऊन पायरीवरच बसले. त्यांनी त्या दिवशी मला ओवा खायला सांगितलं नाही.

पुढचं सगळं रीतसर झालं. गावच्या कोटवाराने डफ वाजवून मुनादी, म्हणजे दवंडी दिली, पंचनामा झाला, बाबांनी सही केली. सही करताना बाबा म्हणाले, "देशासाठी आहे," आणि विहिरीत एकदा डोकावून आले. त्यानंतर निवाडा पुरा होईपर्यंत साहेब सासुरवाडीला यायचे आणि सुरईतलं पाणी प्यायचे. आई आत जाऊन डोळे पुसायची, जावई घरचं पाणी पीत नाही म्हणून. मी काही वर्षं धाकटीशी बोलणं टाकलं. तीही बोलली नाही. मला वाटलं, लाज वाटत असेल. वाटायलाच पाहिजे होती.

पाकिस्तानशी लढाई लागली तेव्हा तिथे भिंत उभी राहिली होती आणि आत मशिनं धडधडत होती. खिडक्यांना काळे कागद चिकटवून आम्ही बसायचो आणि रेडिओवर आमच्या जबलपूरला बनलेल्या लष्करी गाड्या कुठेतरी सीमेवर धावत असल्याचं ऐकायचो. सगळी ओळ टाळ्या वाजवायची. मीही वाजवल्या. पण माझ्या मनात यायचं, त्यातल्या एखाद्या गाडीचं चाक माझ्या स्वयंपाकघरात जुळवलं गेलं असेल. असले विचार कुणाला सांगायचे? देशद्रोही म्हटलं असतं मला.

गंमत म्हणजे आमच्या ह्यांची बदली त्याच नव्या शेडमध्ये झाली. पहिल्या दिवशी घरी येऊन म्हणाले, "आपटा ठेवला आहे त्यांनी. सायकल स्टँडला सावली म्हणून." त्या वर्षी दसऱ्याला फॅक्टरीतली शस्त्रपूजा आटोपून ते आले आणि डबा माझ्या हातात दिला. उघडला तर पोळीभाजीच्या जागी आपट्याची पानं. पुढे नोकरी संपेपर्यंत दर दसऱ्याला आमच्या घरचं सोनं असं जेवणाच्या डब्यातून, फाटकावरच्या शिपायाची नजर चुकवून आलं.

आणि दर दसऱ्याला साहेब पहिले माझ्याकडे आले. हेही सांगायलाच हवं. डब्यातून पानं आली त्या पहिल्या दसऱ्याला मी दार अर्धंच उघडलं होतं. "ताई, सोनं घ्या," म्हणून ते उंबऱ्याबाहेर उभे राहिले. मी घेतलं, आणि डब्यातली पानं त्यांच्या हातावर ठेवत म्हटलं, "हे घ्या. तुम्हीच सरकारजमा केलेलं." त्यांनी ती पानं कपाळाला लावली.

त्यांची नोकरी चढत गेली. आधी नजूलच्या, म्हणजे शहरातल्या सरकारी जमिनी, मग अपर कलेक्टर, मग भोपाळ. तिथे म्हणे राज्यभरच्या सरकारी जमिनींचे कागद त्यांच्या टेबलावरून जायचे. कुठे शाळा होणार, कुठे धरण, कुठलं जंगल कुणाच्या ताब्यात, हे त्यांच्या सहीने ठरायचं. वर्तमानपत्रात त्यांचं नाव आलं की बाबा ते कातरून ठेवायचे. आमच्या ह्यांचं नाव छापून आलं ते फॅक्टरीच्या नोटिस बोर्डावर, निवृत्त होणाऱ्यांमध्ये. पण भोपाळहूनही साहेब दसऱ्याला गाडीत बसून यायचे आणि पहिलं सोनं मला द्यायचे. थोरल्या मेहुणीचा मान. मी वर्षभर जळायची आणि त्या एका दिवशी थंड व्हायची.

क्वार्टर सोडल्यावर आम्ही विजय नगरला लहानसं घर घेतलं. दोन खोल्या, पुढे अंगण, खिडकी शेजाऱ्याच्या भिंतीकडे. निवृत्तीनंतर साहेबही जबलपूरला आले. त्यांचंही घर काही मोठं नाही, पण धाकटीच्या पडद्यांना किनार आहे.

गेल्या दसऱ्याला ती दोघं सकाळपासून आमच्याकडे होती. बाहेर दोघे म्हातारे पेपर वाचत बसलेले, एकाला कमी ऐकू येतं आणि दुसरा बोलतच नाही. आत मी श्रीखंड घोटत होते, धाकटी बाजारातली पानं निवडत होती. आजकाल आपटा म्हणून कचनारची पानं खपवतात, त्यावरून ती कुरकुरली. मी म्हटलं, "असू दे, देणारा महत्त्वाचा. बघ, आत्ता उठतील आणि पहिले मलाच आणून देतील." चिडवायलाच म्हटलं होतं.

तिने पानं टोपलीत आपटली. "दर दसऱ्याला पहिलं सोनं तुला. इतकी वर्षं मी पाहूनच राहिली आहे."

"थोरली आहे मी. मान आहे माझा."

"मान! तुझ्या जागेच्या वेळी काय झालं माहीत आहे तुला? फाइल दुसऱ्याकडे देऊन राहिले होते ते. नवीन साहेब आला होता एक, तो तयार होता. म्हणाला, आपके ससुर की जमीन है, लाइन नाले की तरफ से ले लेंगे, कोई दिक्कत नहीं. हे घरी येऊन मला म्हणाले, ताईंचं घर होऊन जाईल."

माझा हात श्रीखंडात थांबला. "मग?"

"मग काय? मामींनी पाय धरले तेव्हा नाही दिली दुसऱ्याकडे. सख्खे मामा! आणि ताईसाठी काहून? मी सरळ म्हटलं, ताईसाठी वाकलात तर मी आईकडे चालली, परत येणार नाही. जेवण टाकलं मी. शेवटी म्हणाले, अच्छा, ठीक आहे. आणि रविवारी तुझ्याकडे गेले." ती रडायला लागली. "तुला बघायला आले होते ना आधी. दोनदा मागून खाल्ले पोहे. मी शेजारून पाहून राहिली होती."

मला राग यायला हवा होता. विहिरीकडची खिडकी, तुळस, मनाला येईल तिथला खिळा, सगळं माझ्या पाठच्या बहिणीने खाल्लं होतं. पण आला नाही राग. तिचे पडदे, तिची जीप, तिचं ते 'आमच्या दौऱ्यावर', सगळं मला एकदम स्वस्त वाटायला लागलं. सख्ख्या मामासाठी जो माणूस वाकला नाही, तो सगळ्या नोकरीत एकदाच वाकायला निघाला होता, आणि तो माझ्यासाठी.

"तू हसून राहिली?" धाकटीने विचारलं.

"नाही गं," मी म्हटलं. हसतच होते.

दुपारी जेवणं झाली, पूजा झाली. साहेब काठी टेकत उठले, टोपलीतून पानं घेतली आणि माझ्यासमोर आले. "ताई, सोनं घ्या." धाकटी दाराच्या चौकटीला धरून उभी होती. आज आधी हिला द्या, हे माझ्या अगदी ओठांपर्यंत आलं. मी हात पुढे केला.

मिळालेलं सोनं पुढे द्यायचं असतं. आल्यागेल्याला मी टोपलीतली पानं वाटली आणि साहेबांनी दिलेलं एक पान पदराच्या टोकाला बांधून टाकलं. साहेब खुर्चीत टेकले, घाम पुसला आणि म्हणाले, "जरा पाणी मिळेल का?"

धाकटी लगबगीने आत वळली. पण घर माझं होतं, माठ कुठे आहे ते मला माहीत होतं. मी आधी पोचले.